लाओसवाले देवस्थळी

आमच्या मंडळाची दोन मंडळं झाली त्या वर्षी देवस्थळी काकांनी दोन्हीकडे वर्गणी भरली, दोन्ही गणपतींना हजेरी लावली आणि दोन्हीकडे जेवायला नकार दिला. प्रसाद तेवढा घेतला, तोही दोन्हीकडे सारखाच, एकेक मोदक. भांडण कशावरून झालं होतं ते आज कुणाला विचारलं तर धड सांगता येणार नाही. हॉल कुठला घ्यायचा, नाटक आणायचं की गाण्याचा कार्यक्रम, असलंच काहीतरी. पण मोठ्या हुद्द्यांवरची शिकलेली माणसं एकमेकांचे फोन घेईनाशी झाली होती, आणि दोन्हीकडचे लोक काकांना फोन करून कोण चुकलं ते तुम्हीच सांगा म्हणत होते. काका शांतपणे ऐकून घ्यायचे आणि शेवटी म्हणायचे, "मी काय पाहिलं ते विचारा. मत विचारू नका."

यावरून लोक त्यांना पाठीमागे ‘स्वित्झर्लंड’ म्हणायला लागले. ते त्यांच्या कानावर गेलंच. एका पार्टीत, हातात पोह्यांची प्लेट घेऊन उभ्या उभ्या त्यांनी सगळ्यांची चूक दुरुस्त केली.

"स्वित्झर्लंड नाही, लाओस म्हणा. स्वित्झर्लंडकडे बँका आहेत. त्यात सगळ्यांचेच पैसे, म्हणून कुणी हात लावत नाही. लाओसकडे फक्त रस्ता होता, आणि तो दोघांनाही हवा होता."

तेव्हापासून ते लाओसवाले देवस्थळी झाले.

ईडन प्रेरीत ते आमच्यापासून तीन घरं सोडून राहायचे. मी त्यांना ओळखायला लागले तेव्हा त्यांची पंचाहत्तरी झाली होती, काकू जाऊन दोन वर्षं झाली होती आणि डोळ्यांच्या दुखण्यामुळे डॉक्टरांनी त्यांना गाडी चालवायला बंदी केली होती. मिनेसोटात गाडी नसलेला माणूस म्हणजे खोलीत कोंडलेला माणूस. मी मंगळवारी घरून काम करते. त्यामुळे मंगळवार माझ्याकडे आला. वाणसामान, लायब्ररी, दाताचा डॉक्टर, जे काही असेल ते. यात फार मोठेपणा नव्हता. मला नाहीतरी बाहेर पडायचं असायचंच आणि काका गाडीत बसायला चांगले होते. रेडिओ लावू नको म्हणायचे नाहीत, लाव असंही म्हणायचे नाहीत.

ते भूल देणारे डॉक्टर होते. तीस-पस्तीस वर्षं मिनिॲपोलिसमध्ये त्यांनी तेच केलं. "सर्जन काय करतो ते मी बघायचो नाही," एकदा म्हणाले, "ज्याच्यावर करतो तो काय करतोय ते बघायचो." माणसाकडे बघण्याची त्यांची पद्धत अशीच होती. समोरचा तावातावाने बोलत असला तरी यांचं लक्ष त्याच्या गळ्याकडे, बोटांकडे. मुलीचं लग्न ठरल्याचं कौतुकाने सांगणाऱ्या एका बाईंना त्यांनी मध्येच थांबवलं आणि थायरॉइड तपासून घ्या म्हणून सांगितलं. बाई रागावल्या. तपासणीत निघालं ते निघालंच, पण राग काही गेला नाही.

अमेरिकेत येण्याआधी ते आपल्या सैन्यात होते. एमबीबीएस झाल्या झाल्या पाच वर्षांसाठी भरती झाले आणि साठच्या दशकाच्या शेवटी त्यांना लाओसला पाठवलं गेलं. तिथे तीन देशांचा एक आयोग होता. आपण अध्यक्ष, शिवाय एक कॅनडा आणि एक पोलंड. काम काय, तर या देशाची तटस्थता कुणी मोडत नाही ना, ते बघायचं. चौदा देशांनी परिषद भरवून तशा सह्या केल्या होत्या. काका आयोगाच्या लोकांचे डॉक्टर. मला हे सगळं माहीत नव्हतं. माझ्या पिढीतल्या फारशा कुणाला माहीत असेल असंही नाही. व्हिएतनामचं युद्ध आम्हाला सिनेमातून कळलं, त्याच्या शेजारी काय झालं ते सिनेमात नव्हतं.

काका ते तुकड्यातुकड्यांनी सांगायचे, बहुतेक वेळा सिग्नलला थांबल्यावर. आयोगाच्या जीप पांढऱ्या रंगाच्या होत्या, लांबून ओळखू याव्यात म्हणून. कुठे तपासणीला जायचं तर दोन्ही बाजूंना आधी कळवावं लागायचं. त्यांची परवानगी आली की मग निघायचं, त्यांनी आखून दिलेल्या रस्त्याने जायचं आणि सूर्य मावळायच्या आत परत. "गेलो की सगळं स्वच्छ असायचं. मुलं ओळीत उभी. कुठे सैनिक नाही, कुठे बंदूक नाही. आम्ही लिहून घ्यायचो." रात्री मात्र राजधानीतल्या, व्हिएंतियानच्या बंगल्यात झोपताना दूरवर विमानांचा आवाज ऐकू यायचा. जंगलातून एका बाजूचं सैन्य रसद नेत होतं, वरून दुसरी बाजू बॉम्ब टाकत होती आणि त्या देशाचे पंतप्रधान आम्ही तटस्थ आहोत असं सांगत होते. ते खरंच सांगत होते, काका म्हणायचे. त्यांचं तेवढंच चुकलं.

आमच्याकडे जेवणानंतर जगातल्या लढायांवर बोलायची पद्धत आहे. सगळ्यांची घरं विकत घेऊन झालेली, मुलं कॉलेजात गेलेली, मग उरतं काय? एकदा पुण्याहून नव्यानेच आलेला, चिप डिझाइनमधला एक मुलगा तावात आला होता. छोट्या देशांनी उगाच कुणाच्या तरी नादाला लागू नये, असं त्याचं म्हणणं. "सिंपल आहे यार, न्यूट्रल राहायचं. दोघांशी ट्रेड करायचा, दोघांकडून बेनिफिट घ्यायचा."

काकांनी त्याला विचारलं, "तुझं अपार्टमेंट कुठल्या मजल्यावर?"

"थर्ड फ्लोअर, काका. का?"

"वरचा आणि खालचा भांडायला लागले तर तू काय करशील?"

"मी कशाला पडू मधे? दार लावून घेईन."

"आणि त्यांनी भांडायला तुझीच खोली निवडली तर?"

मुलगा हसला. बाकीचेही हसले. काका हसले नाहीत. तटस्थ राहायला शेजाऱ्यांची परवानगी लागते आणि ती ते रोज सकाळी नव्याने देतात किंवा देत नाहीत, एवढं बोलून त्यांनी ताक मागितलं.

बुनमीशी काकांची ओळख माझ्यामुळे झाली. आमच्या भागातल्या निम्म्या देशी गाड्या त्याच्या गॅरेजमध्ये जायच्या. माणूस सरळ. जे बिघडलं नाही ते दुरुस्त करायचा नाही. गिऱ्हाइकांसाठी त्याने स्वतःचं नाव बॉबी ठेवलं होतं आणि आम्ही सगळे त्याला बॉबीच म्हणायचो. मी एका मंगळवारी ब्रेक दाखवायला गेले तेव्हा काका बरोबर होते. गॅरेजच्या कोपऱ्यात हीटरशेजारी त्याची म्हातारी आई बसली होती आणि फोनवर कुणाशी तरी बोलत होती. काका तिच्याकडे बघतच राहिले. तिचा फोन संपल्यावर जवळ गेले, हात जोडून ‘सबायदी’, म्हणजे लाओसच्या भाषेत नमस्कार, म्हणाले आणि पुढे आणखी काहीतरी विचारलं. म्हातारी आधी दचकली, मग तोंडावर हात घेऊन हसायला लागली आणि मग उजवा गुडघा पुढे करून दाखवला. काकांनी विचारलं होतं, कुठे दुखतं? त्यांना ती भाषा तेवढीच येत होती. कुठे दुखतं, किती दिवसांपासून, ताप आहे का, तोंड उघडा. बुनमीने पाना खाली ठेवला.

मग ते दर महिन्याला तिथे जायला लागले. म्हातारीचा गुडघा बघायचे, बुनमीची बायको नोय चिकट भात आणि काहीतरी झणझणीत द्यायची, ते खायचे. आमच्यात बॉबीला त्याच्या खऱ्या नावाने हाक मारणारे काका एकटेच. तो त्यांना ‘डॉक’ म्हणायचा.

बुनमी तीन वर्षांचा असताना आईच्या पाठीला बांधलेला मेकाँग नदी ओलांडून थायलंडच्या छावणीत आला होता आणि तिथून इथे. लाओस त्याला आठवत नव्हता. एकोणीस वर्षांचा असताना मित्रांबरोबर चोरीच्या गाडीत सापडला, काही महिने आत होता. त्यात त्याचं ग्रीन कार्ड गेलं आणि देशाबाहेर काढण्याचा हुकूम निघाला. पण लाओस माणसं परत घेत नव्हता म्हणून हुकूम तसाच राहिला. वर्षातून एकदा इमिग्रेशनच्या सरकारी ऑफिसात हजर व्हायचं, बोटांचे ठसे द्यायचे, परत यायचं. वीस-बावीस वर्षं तो ते करत होता. लग्न, दोन मुलं, गॅरेज, सगळं त्या हुकमाच्या आतच झालं.

मागच्या वर्षी हजर व्हायला गेलेली माणसं तिथूनच उचलली जात असल्याच्या बातम्या यायला लागल्या. बुनमीची तारीख जवळ आली होती. त्याचा चुलत भाऊ दुसऱ्या राज्यात होता. तो म्हणत होता, जाऊ नकोस, इकडे निघून ये, माझ्याकडे काम कर, कुणी विचारणार नाही. नोयला ते पटत होतं. बुनमीला नव्हतं. तो गॅरेजमध्येच काकांना म्हणाला, "डॉक, तुम्ही सांगाल तसं."

काका गप्प बसले असते तर मला नवल वाटलं नसतं. सबंध आयुष्यात कुणाला ‘असं कर’ म्हणून न सांगणारा माणूस. पण त्या दिवशी त्यांनी सांगितलं.

"जा. वीस वर्षं नियमाने वागलेला माणूस पळाला तर तो पळपुटा ठरतो. मी बरोबर येईन. बाहेर साक्षीदार बसलेला असला की माणसं जरा जपून वागतात."

मलाही ते बरोबरच वाटलं. कागद नीट असतील तर रांगेत उभं राहावं, असं आम्ही सगळेच मानतो. त्याच आधारावर आम्ही इथे आलो आणि राहिलो.

दहा-बारा जणांनी जावं, गर्दी दिसली तर बरं, असं मी आमच्या ग्रुपवर लिहिलं. बॉबीने कुणाकुणाच्या गाड्या बर्फातून ओढून काढल्या होत्या ते सगळ्यांना माहीत होतं. दोन अंगठे आले. मग बराच वेळ काही नाही. मग एकाने लिहिलं की आपल्यातले बरेच जण व्हिसावर आहेत, याला पोलिटिकल वळण नको, बॉबीसाठी प्रार्थना करू. त्याखाली हात जोडल्याच्या खुणांची रांग लागली. मी ते काकांना वाचून दाखवलं. त्यांना राग आला नाही.

"बरोबर आहे त्यांचं," म्हणाले. "लहान देशाने असंच वागायचं असतं. त्याशिवाय तो टिकत नाही. असं वागूनही टिकत नाही, ते सोड."

ठरलेल्या सकाळी बुनमी स्वतःच काकांना घ्यायला आला. काकांनी सूट घातला होता, टाय लावला होता, थर्मासमध्ये चहा घेतला होता. प्रतीक्षाकक्षात काय झालं ते त्यांनीच सांगितलेलं मला ठाऊक आहे. बुनमीला आत बोलावलं तेव्हा त्याने गाडीची किल्ली काकांच्या हातात दिली आणि म्हणाला, "दहा मिनिटं, डॉक." आतला अधिकारी तरुण होता, नम्र होता. त्याने काकांना गुड मॉर्निंग केलं. दार बंद झालं.

मी दुपारी पोचले तेव्हा काका त्या दारासमोरच्या खुर्चीत ताठ बसले होते. थर्मास उघडलेला नव्हता. बाथरूमलाही गेले नव्हते, मधल्या काळात दार उघडलं तर काय घ्या म्हणून. खिडकीवर दोनदा चौकशी केली, दोन्ही वेळा थांबा म्हणून सांगितलं होतं. मी तिथल्या सुरक्षारक्षकाशी बोलले. वयस्क माणूस होता, काकांकडे बघून त्यालाही वाईट वाटत असावं. तो हळू आवाजात म्हणाला की आतून नेतात त्यांना या बाजूने आणत नाहीत, मागच्या फाटकातून व्हॅन जाते. सकाळची व्हॅन दहाच्या आधीच गेली.

मी ते काकांना मराठीत सांगितलं. ते उठले, कोटाची बटणं लावली. बुनमीचा पिकअप त्याच्या मुलाला नंतर न्यायला सांगू, असं मी म्हटलं. हायवेला लागल्यावर काका बोलायला लागले, समोर बघत.

डोंगरात एक गाव होतं. एका बाजूचे लोक दिवसा यायचे, दुसऱ्या बाजूचे रात्री. गावाने दोघांनाही तांदूळ द्यायचा आणि दोघांनाही सांगायचं की आम्ही कुणाचेच नाही. आयोगाचं पथक हेलिकॉप्टरने तिथे उतरलं तेव्हा काका बरोबर होते. पथकातले लोक मोजमाप करत होते तोवर यांनी मुलांचे डोळे तपासले. गावप्रमुखाने दुभाष्याकरवी त्यांनाच विचारलं, कारण डॉक्टर म्हणजे त्यातल्या त्यात खरं बोलणारा. विमानं जवळ यायला लागली आहेत, वर गुहा आहेत, शेजारची दोन गावं तिकडे गेली, आम्हीही जावं का? पण पीक उभं आहे.

"मी त्याला म्हटलं, राहा. आता तुमचं गाव आयोगाच्या नकाशावर आलंय. दोन्ही बाजूंना आम्ही कळवणार. माहीत असलेल्या गावाला कुणी हात लावणार नाही."

मी विचारलं, मग?

"पुढच्या खेपेला दुसऱ्या जागेची परवानगी होती. जाताना त्या गावावरून उडत गेलो. बांबूचे काळे खांब होते. खड्ड्यांत पाणी साचलं होतं. एक म्हैस होती. माणसं दिसली नाहीत."

त्यांनी परत आल्यावर तोंडी सांगितलं. बैठकीत एका देशाच्या माणसाने विचारलं, विमानं कुणाची ते कुणी पाहिलं का? दुसऱ्याने विचारलं, गावात सैनिक नव्हते हे कुणी पाहिलं का? तिघांचं एकमत झाल्याशिवाय काही लिहायचं नाही अशी पद्धत. आपले साहेब म्हणाले, आपण निष्पक्ष आहोत, पुढचा विषय घ्या. जेवणाची वेळ झाली होती.

"आम्हाला जो रस्ता दाखवायचे तो आम्ही बघायचो," काका म्हणाले. "आज मला जे दार दाखवलं ते मी बघत बसलो. ऐंशी वर्षांचा झालो, सुनीता, मागचं दार कुठेय ते विचारावं हे मला सुचलं नाही."

मग नोयकडे गेलो. तिला मी सांगितलं. ती काकांकडे न बघता आत गेली आणि आतून भांडी आपटल्याचा आवाज येत राहिला. म्हातारी इथेही हीटरशेजारी होती. काका तिच्यापुढे स्टूल घेऊन बसले. त्यांच्याजवळ तिच्या भाषेतले जे चार प्रश्न होते, त्यातला एकही विचारण्यासारखा नव्हता. निघताना त्यांनी किल्ली बुनमीच्या मुलाच्या हातात दिली.

वकील झाला, अर्ज झाले. बुनमीला एका राज्यातून दुसऱ्या राज्यात हलवलं, तिथून तिसऱ्यात, आणि एक दिवस विमानात बसवलं. आता लाओस घेत होता. लहान देशाला नाही म्हणणं कुठवर परवडणार? बुनमी व्हिएंतियानजवळ आईच्या कुणा लांबच्या नातलगाकडे पोचला. बोलता यायचं, वाचता यायचं नाही. फोनवर काकांना म्हणाला की दुकानांच्या पाट्या समजत नाहीत, लोक त्याला अमेरिकन म्हणतात. चिडला नव्हता. "बो पेन न्यांग, डॉक," म्हणाला. चालायचंच, असा त्याचा अर्थ. काकांनी मला तो अर्थ सांगितला आणि फोन उलटा करून ठेवला. गॅरेज नोयने विकलं.

काकांची मुलगी सनीव्हेलला असते. तिने घर बंद करून इकडे या म्हणून धोशा लावला. काका गेले नाहीत. दोन्ही मंडळांच्या सभासदत्वाचे राजीनामे मात्र त्यांनी पाठवून दिले, कारण न देता. आणि मंगळवारी मला म्हणाले, "आज लायब्ररी नको. त्या इमारतीपाशी सोड."

पहिल्यांदा मी वाद घातला. थंडी शून्याच्या खाली, हृदयात स्टेंट. ते म्हणाले, तुला जमत नसेल तर मी टॅक्सी करतो. मग मी सोडायला लागले. घडीची खुर्ची, काकूंनी शिवलेली गोधडी आणि बूट. पहिल्या दिवशी त्यांनी इमारतीला पूर्ण चक्कर मारली आणि मागचं फाटक दिसेल अशा पदपथावर खुर्ची मांडली. पुढच्या बाजूला दोन प्रकारचे लोक असायचे, या बाजूच्या घोषणा देणारे आणि त्या बाजूच्या. एकदा एका मुलीने काकांच्या हातात फलक द्यायचा प्रयत्न केला. त्यांनी तो नम्रपणे परत केला आणि तुझे ओठ निळे पडलेत, आत जाऊन ये म्हणून सांगितलं.

हजर व्हायला येणाऱ्या माणसांना ते दारापाशी गाठायचे. पेशंटची माहिती घ्यावी तसं विचारायचे. कुठली औषधं चालू आहेत? शाळेतून मुलाला कोण आणतं? गाडी कुठे लावली? कुणाला फोन करायचा? पुष्कळ लोक घाबरून निघून जायचे. काही जण उत्तरं द्यायचे. किल्ली द्यायचे. आत जाऊ का, असं एका माणसाने त्यांना माझ्यासमोर विचारलं. काका म्हणाले, "मला माहीत नाही. माझ्या सांगण्यावरून गेलेला माणूस परत आलेला नाही. तुमचं तुम्ही ठरवा. मी फाटकापाशी आहे." तो आत गेला. अर्ध्या तासाने बाहेर आला, किल्ली घेतली आणि काकांचे दोन्ही हात धरून नुसता उभा राहिला. अशी माणसं पुष्कळ होती, हेही सांगायला हवं. सगळेच जात नव्हते. म्हणूनच लोक येत राहायचे.

आमच्याकडे यावर बोललं गेलंच. काकांनी या वयात बाजू घेतली, असं काहींचं म्हणणं. त्यांना भ्रम झालाय, असं काहींचं. दोन्ही मंडळांचं एकमत असलेला हा पहिलाच विषय. मला विचाराल तर त्यांनी बाजू घेतली की नाही ते मला कळलेलं नाही आणि मी विचारलंही नाही. बर्फात खुर्ची न घसरता कशी उभी करायची, हे मी बघत होते.

फेब्रुवारीतला मंगळवार होता. मी न्यायला गेले तेव्हा साडेचार झाले होते, प्रकाश जात चालला होता. ऑफिस बंद झालं होतं. काका उठायला तयार नव्हते. सकाळी एक तरुण छप्पर दुरुस्त करणारा किल्ली त्यांच्याकडे देऊन आत गेला होता, तो बाहेर आला नव्हता. व्हॅन गेलेली त्यांनी पाहिली होती. काचा काळ्या, पण चढवताना एक पिवळं जॅकेट दिसलं होतं आणि त्या माणसाचं जॅकेट पिवळं होतं. त्याच्या बायकोचा फोन लागत नव्हता, ती कामावर होती. गाडी सरकारी पार्किंगमध्ये होती, सहानंतर उचलून नेतात. घर वीस मिनिटांवर.

"तू ती चालव," काका म्हणाले. "तुझी गाडी राहू दे इथे रस्त्यावर, येताना टॅक्सी करू."

मी अनोळखी माणसाची गाडी कधी चालवली नव्हती. सीट माझ्यासाठी फार मागे होती, मी ती पुढे घेतली. मागे लहान मुलाची खुर्ची होती, खाली बिस्किटांचा चुरा. हीटर लागायला वेळ लागला. काका शेजारी बसून पत्ता वाचायचा प्रयत्न करत होते, त्यांना दिसत नव्हतं, मी फोनवर लावला. वाटेत ते स्वतःशीच काहीतरी जुळवत होते. वेळ, फाटक, जॅकेटचा रंग, व्हॅन कुठल्या दिशेला वळली. घोकत होते म्हणा ना.

घर लहान होतं. ओट्यावर दिवा होता. मी अंगणातल्या वाटेवर गाडी आत घेतली, चाकं बर्फात कुरकुरली. काका उतरले, टोपी काढली आणि सांभाळून पायऱ्या चढले. घंटा वाजवायच्या आधीच दार उघडलं. गाडीचा आवाज ओळखीचा असणार.

बाई कामाच्याच कपड्यांत होती, कडेवर मूल. काकांनी बोलायला सुरुवात केली. मला काचेतून ऐकू येत नव्हतं, पण त्यांचा हात दिसत होता, ते फाटकाची बाजू दाखवत होते. ती त्यांच्याकडे बघतच नव्हती. ती गाडीकडे बघत होती. दिव्यांचा झोत थेट तिच्या डोळ्यांवर होता, चालवणाऱ्याच्या जागी कोण आहे ते तिला दिसणं शक्य नव्हतं. तिने मूल काकांच्या हातात दिलं आणि पायांत नुसते मोजे असताना पायऱ्या उतरून बर्फातून माझ्या दाराकडे धावत आली. ती हसत होती.

मी दिवे मालवले.

काका त्यानंतर तीन आठवड्यांनी गेले, झोपेत. मधल्या काळात मी त्यांना अनेकदा पाहिलं, जेवणाचे डबेही नेऊन दिले. पण डोळ्यांसमोर येतात ते ओट्यावरचे. दार उघडं, मागून घरातला उजेड, हातात दुसऱ्याचं मूल आणि ते अजून बोलत होते, समोर ऐकायला कुणी नसताना.